शेजारणीची वाटी आणि म्हशीच्या नसा

माय, आज तुझ्या नातीनं अमरावतीच्या माझ्या फ्लॅटमध्ये म्हशीच्या पायाच्या पांढऱ्या नसा शिजवल्या, जपानी पद्धतीनं. दोन वर्षं नोकरीला होती तिकडे, तिथं शिकून आली. पहिली उकळी काढून पाणी फेकायचं, नसा धुवायच्या, मग आलं, मुळा, सोया सॉस, थोडी साखर घालून मंद आचेवर तीन-चार तास. मी म्हटलं, कुकर लाव, मोकळी हो. तर म्हणते, "आई, घाई कावून? कोणी मागं लागलं का आपल्या?" मी उठून खिडक्या तेवढ्या लावल्या.

घाई कशाची ते तुला ठाऊक आहे. अकोल्याला मोठ्याचं, म्हणजे म्हशी-बैलाचं, मटण शिजवायचीस तेव्हा तू दार लोटून घ्यायचीस, उंबऱ्याशी लोबान जाळायचीस. खाल्ल्यावर ओठ चिकटायचे, तर शाळेत जाण्याआधी बेसनानं तोंड धुवायला लावायचीस. एकदा वर्गातली मैत्रीण दारात आली, वास कशाचा म्हणून विचारलं, आणि मी म्हटलं, "आमच्या घरचा नाही, बाजूच्यांचा असन." तू आतून ऐकलंस. ती गेल्यावर म्हणालीस, "तुले लाज वाटते तं खाऊ नको. पण माह्या चुलीचा वास दुसऱ्याच्या घरावर ढकलू नको." मग ताट वाढलंस, पण माझ्याकडे पाहिलं नाहीस. त्या दिवसाचा मला अजून राग येतो, माय. लोबान तर तूच जाळायचीस ना? मी लपवायला दुसऱ्या कोणाकडून शिकले?

तिसऱ्या तासाला बेल वाजली. समोरच्या दाराची वहिनी. शेतकरी घरची, बकऱ्याचं मटण आवडीनं खाणारी पण मोठ्याचं न शिवणारी, माझ्या आजारपणात पंधरा दिवस डबा देणारी. परवा तिनं वाटीभर पातोडीचा, बेसनाच्या वड्यांचा रस्सा पाठवला होता. वाटी रिकामी परत करू नये हे तुझंच शिकवणं, म्हणून ती ओट्यावर धुऊन ठेवलेली. "काय शिजवून राहिल्या ताई? जिन्यापर्यंत वास आला," ती म्हणाली. "मटण," माझ्या तोंडून निघून गेलं. "मंग तं वाटी भरूनच द्या," म्हणून ती हसली आणि दारातच उभी राहिली.

मी आत आले. लेकीनं गॅस बारीक केला आणि बाजूला झाली. माझ्याकडे पाहिलं नाही. डाव माझ्या हातात, वाटी माझ्या हातात. नसा अशा मऊ झालेल्या की वहिनीला कळलंही नसतं. दोन तुकडे वाटीत घातलेसुद्धा मी. मग ते परत भांड्यात टाकले, वाटी धुतली, रिकामीच घेऊन दारात गेले. "वहिनी, मोठ्याचं आहे. म्हशीचं. मी खोटं बोलली." तिनं वाटीकडे पाहिलं. "सांगितलं ते बरं केलं," एवढं म्हणाली, वाटी घेतली आणि आपलं दार लावून घेतलं. उद्या ती माझ्याशी बोलेल की नाही, मला माहीत नाही.

आम्ही दोघी जेवलो. ओठ तसेच चिकटले. लेक म्हणाली, "आई, तुनं सांगितलं," आणि माझा हात धरून बसली. तिला वाटतं तिची आई हिमतीची आहे. तुला मात्र खरं सांगते. वहिनीनं वाटी भरून मागितली नसती, तर ते मटणच राहिलं असतं.