सेवेरिनोला जगवायचं

शनिवार, ७ मार्च १९६४. रोम
ग्लॅडिएटरांचा चित्रपट दुपारी संपला. सोमवारपासून काउबॉयचा. टेकडी तीच, घोडे तेच, माणसं तीच – तलवारी परत करून पिस्तुलं घ्यायची. दिग्दर्शक म्हणून मी आधी विनोदी केले, मग भुताखेतांचे. निर्माता पेरोत्ती म्हणतो, "लान्फ्रांको, तुला काहीही सांगावं, तू करतोस." म्हटलं, "किती दिवसांत हवंय तेवढं सांग."

सोमवार, ९ मार्च
वारा. टोप्यांमागे धावण्यात दिवस गेला.

मंगळवार, १० मार्च
जेवणाच्या सुट्टीत छोट्या भूमिका करणारा सेवेरिनो आला. वय चौसष्ट. माझ्या एकोणीस चित्रपटांत मेलाय – भाल्याने, विषाने, एकदा भुताच्या हातून. त्याच्यासारखं कोसळणं कुणाला जमत नाही. पाव चावत म्हणाला, "साहेब, या वेळी मला जगवा."
"का हो?"
"खाजगी आहे."
हसलो. पण ते मनातून जात नाही.

गुरुवार, १२ मार्च
सेवेरिनोच्या म्हाताऱ्याला जगवू का, असं पेरोत्तीला विचारलं. भडकला. "म्हातारा मरतो म्हणून तर नायक पेटून उठतो! बदललंस, तर तुझे ठरलेले पुढचे तिन्ही चित्रपट दुसऱ्याला देईन."
पंधरा वर्षांत त्याला कधी नाही म्हटलेलं नाही.

शुक्रवार, १३ मार्च
बदललंच. आता गोळी टोपीतून जाते, म्हातारा उभाच राहतो. मरतं ते नायकाचं गाढव.
कॅमेरा सुरू, गोळी सुटली – आणि सेवेरिनो सवयीने कोसळला. तीनदा! चौथ्यांदा मी म्हटलं, "अहो, जगा की!" उभा राहिला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. कपडे सांभाळणाऱ्या इर्माबाई मात्र डोळे पुसत तंबूत गेल्या.

रविवार, १५ मार्च
सेवेरिनो घरी आला. इस्त्रीचा कोट, शेजारी इर्माबाई. एप्रिलमध्ये लग्न करतायत!
बाई म्हणाल्या, "पहिला नवरा युद्धात गेला. आता हे दर दोन महिन्यांनी मरणार आणि रक्ताचे डाग मी धुवायचे. म्हटलं, एकदा उभे राहून दाखवा, मग हो म्हणते."
सेवेरिनो खाली मान घालून बसला होता. लग्नाला साक्षीदार मी.

सोमवार, ३० मार्च
पेरोत्तीने शब्द पाळला. तिन्ही चित्रपट दुसऱ्याकडे गेले. सकाळी टेबलाशी बसलो आणि स्वतःची पटकथा लिहायला घेतली – कुणी न सांगता, पहिल्यांदाच. दुपारपर्यंत अकरा पानं झाली. नवरदेव चौसष्ट वर्षांचा आहे.