राउटरचा मेंदू आणि तुमच्या बहिणीची तोंडी परीक्षा

ती. दादांना,

साष्टांग नमस्कार. तुमची कंबर आता कशी आहे? वहिनींचा खोकला थांबला का? आमचं विचाराल तर आम्ही जिवंत आहोत. याहून जास्त लिहिलं तर ते खोटं होईल.

आमच्या घरात मोबाईलला रेंज नाही, हे तुम्ही जाणताच. खिडकीतल्या सिमकार्डवाल्या राउटरवर सगळा संसार. तो बिचारा बरा चालला होता. (इथेच मी थांबायला हवं होतं.) पण मंगळवारी सकाळी त्याच्या सेटिंगमध्ये 'नवे फर्मवेअर उपलब्ध' असं झळकलं आणि माझ्या हाताला खाज सुटली. फर्मवेअर म्हणजे राउटरचा मेंदू. कंपनीचा मेंदू घालून गप्प बसलो असतो, तर शहाणा ठरलो असतो. पण गेल्या महिन्यातच मला हौशी लोकांनी बनवलेला मेंदू सापडला होता. त्यात म्हणे टॉवर आपण निवडायचा, दिवे कधी लागायचे तेही आपणच ठरवायचं! तो ज्या मॉडेलसाठी होता, त्याचं शेवटचं अक्षर तेवढं आमच्याहून वेगळं होतं. म्हटलं, एका अक्षरानं काय होतंय? (आयुष्यभर शिवणकाम केलेल्या माणसानं असं म्हणावं!) चढवायला घेतला, तर बासष्ट टक्क्यांवर सगळे दिवे विझले. रीसेटचं भोक दाबता दाबता टाचणी वाकली, राउटर ढिम्म.

आतून तुमची बहीण आली. अकराला तिच्या पीएचडीची तोंडी परीक्षा, तीही ऑनलाइन.

"अहो, नेट का गेलं?"

"मेंदू बदलतोय."

"कुणाचा?"

उत्तराची वाट न बघता लॅपटॉप काखेत मारून ती समोरच्या दंतवैद्यांकडे धावली. तिथे रिकामी जागा एकच, पेशंटची खुर्ची. तीत अर्धवट आडवी होऊन तिनं नऊ वर्षांचा प्रबंध मांडला. पलीकडे कुणाची तरी दाढ निघत होती. ते विव्हळणं परीक्षकांना हिचंच वाटलं की काय, कोण जाणे. दोन प्रश्न विचारून त्यांनी पास करून टाकलं.

मी पेढे आणायला निघालो, तर ती रडत बसलेली. "मी चाळीस प्रश्नांची तयारी केली होती हो," म्हणाली. तेव्हापासून घरात सुई पडली तरी ऐकू येते, आणि शिंप्याच्या घरात त्या फार पडतात.

आपला,
तोंड लपवून बसलेला मेहुणा

ता. क. : एकदा येऊन तिला उरलेले अडतीस प्रश्न विचाराल का? यादी सोबत जोडली आहे. मी विचारले, तर ती खोलीबाहेर जाते.

आणखी ता. क. : गेल्या महिन्यात तुम्ही आंघोळीला गेला होतात, तेव्हा तुमच्याही राउटरमध्ये मी तोच मेंदू भरून त्याला वेळ लावून ठेवलीय. येत्या रविवारी तो आपोआप बसेल. पत्र वाचून झालं असेल, तर आधी प्लग काढा.