सेनापती बाहेर पडले आहेत

२ मार्च, रविवार. संध्याकाळ.

आजपासून रोजनिशी. शिस्त हवी. शिस्त नसलेल्या माणसांचं काय होतं ते आपण आजूबाजूला बघतोच.

आज लेकीबरोबर ऑनलाइन मॅच. पाच विरुद्ध पाच. आपले तीन बुरूज सांभाळायचे, समोरच्यांचे तीन पाडायचे. टीममध्ये लेक, तिच्या दोन मैत्रिणी (एक दातांना तार लावलेली, एक माइकवर सतत खोकणारी), तिचा मावसभाऊ आणि मी. गेममधलं माझं नाव सेनापती. सगळ्यात मोठी ढाल माझ्याकडे.

पहिला बुरूज पडला. परिस्थितीचा आढावा घेतला आणि मॅचमधून बाहेर पडलो. बुडत्याचा पाय खोलात. आपला पाय वेळेवर काढून घ्यावा. स्क्रीनवर पाटी आली: 'सेनापती बाहेर पडले आहेत.' आदरार्थी बहुवचन वाचून बरं वाटलं.

लगेच लेकीचा फोन. आम्ही चौघंच उरलो ना रे बाबा, म्हणाली. चौघांत जास्त मोकळेपणाने खेळता येतं हे समजावलं. गप्प बसली. पटलं असावं.

शनिवार-रविवार संध्याकाळी एकेक तास, एवढीच तिच्या आईची परवानगी. आमची बापलेकीची गाठ पडते ती त्या तासातच. मी सध्या इकडे खोलीवर राहतो. तात्पुरता. गेल्या वर्षीपासून.

४ मार्च, मंगळवार.

गेमकडून सूचना. वारंवार अर्ध्यावर मॅच सोडल्याने तुमची विश्वासार्हता घटली आहे. विश्वासार्हता! एक गेम मला हे सांगणार. तक्रार लिहायला घेतली. फॉर्म फार लांबलचक निघाला. राहू दे.

दाढ ठणकते आहे. रूट कॅनालला चार वेळा यावं लागेल असं डॉक्टरीणबाई म्हणाल्या होत्या. दोनदा जाऊनच दुखायचं थांबलं होतं. मग तिसऱ्यांदा कशाला जायचं? आता दुखतंय, पण ते वेगळं दुखणं आहे.

संकल्प: डाव्या बाजूने चावायचं.

९ मार्च, रविवार.

गैरसमज. मोठा.

दुसऱ्या बुरुजाच्या दारावर लेक आणि तारवाली लढत होत्या. समोरून पाचही जण चालून आले. मला स्पष्ट दिसलं की यात काही अर्थ नाही. तरी न सांगता उठून जाणारा मी नव्हे. चॅटमध्ये 'येतो' असं लिहिलं आणि बाहेर पडलो.

त्या दोघी तिथेच थांबल्या म्हणे. लढाईच्या गडबडीत मी बाहेर पडल्याची पाटी त्यांना दिसलीच नाही. मागे पळायला वाट होती, वेळ होता. पण बाबा ढाल घेऊन येतोय म्हणून दार सोडलं नाही. मेल्या.

फोनवर लेक रडवेली. तू येतो म्हणालास ना! मी म्हणालो, अगं, निघताना जातो म्हणू नये, येतो म्हणावं. लहानपणापासून तोंडात बसलंय. तिने विचारलं, मग खरंच येत असशील तेव्हा काय लिहिशील? 'आलोच' लिहीन म्हणालो. ते तर त्याहून वाईट, म्हणाली.

मागून तिची आई काहीतरी बोलली. मला ऐकू आलं नाही. लेकीने निरोप दिला: आई म्हणते, त्याचं येतो म्हणजे काय ते मला विचार.

हे लागलं. त्या दिवशी पडद्यांवरून वाद झाला तेव्हा मी फक्त पाय मोकळे करायला बाहेर पडलो होतो. येतो असं स्पष्ट सांगून. आता परतायला एक वर्ष लागतंय, म्हणून शब्द खोटा ठरतो का? अजून मी नाही म्हटलेलं नाही.

११ मार्च, मंगळवार.

ऑफिसात कटकट. लिफ्ट अडकली की आतल्या माणसाने बटण दाबायचं, आणि फोनवर माझा आवाज येतो. हेच माझं काम. आज एक निवृत्त मुख्याध्यापिका अडकल्या. मेकॅनिकला पाठवलं, बाईंना 'आलोच' म्हणालो आणि डबा खायला गेलो. डावीकडून चावायचं तर वेळ लागतो.

बाई सुखरूप बाहेर आल्या. तरी साहेबांनी बोलावून घेतलं. लाइनवर थांबायचं असतं, म्हणाले. मी म्हणालो, मी थांबल्याने लिफ्ट लवकर चालू होते का? साहेब म्हणाले, बाई म्हणत होत्या, अडकले तेव्हा घाबरले नाही; पलीकडून कुणी बोलेना तेव्हा घाबरले.

शिक्षकी पेशातली माणसं जरा नाटकीच असतात.

१५ मार्च, शनिवार.

आज मी खरोखर जात होतो! खोकणारी आणि मावसभाऊ अडचणीत होते. ढाल उचलली, धावत सुटलो, उत्साहात चॅटवर लिहिलं, 'येतो'.

चौघंही पळून गेले.

नंतर कळलं, पोरांचं आपसांत ठरलंय. बाबांनी येतो लिहिलं की सगळ्यांनी मागे फिरायचं. मी एकटा पाच जणांत सापडलो. असा विश्वासघात. तडक बाहेर पडलो. निषेध म्हणून. याला पळणं म्हणत नाहीत.

गेमने याची नोंद निषेध म्हणून केली नाही. मला पुढच्या मॅचसाठी ताटकळत ठेवण्याची शिक्षा झाली आहे.

१६ मार्च, रविवार.

शिक्षा एकट्याला नसते, हे कुठे लिहिलं होतं? असेल लिहिलेलं. मी टीममध्ये, म्हणून अख्खी टीम ताटकळत. पाच जण घड्याळ बघत बसलो. तारवालीने अभ्यास काढला. खोकणारी खोकून खोकून दमली. मी म्हणालो, बघ, निदान गप्पा तर होतायत. लेक म्हणाली, बोल मग. मला विषय सुचेना. शाळा कशी आहे विचारलं. बरी आहे म्हणाली. मग मॅच सुरू झाली आणि तेवढ्यात तिचा तास संपला.

बाबा, तुझ्यामुळे गेला, एवढंच म्हणाली. चिडली असती तर बरं वाटलं असतं. चिडली नाही.

खोलीत आज फार शांत आहे.

१८ मार्च, मंगळवार.

महत्त्वाचं. तीस तारखेला स्पर्धा. प्रत्येक टीममध्ये एक तरी पालक हवा. आणि ज्याची विश्वासार्हता लाल रंगात, त्याला प्रवेश नाही. माझी लाल आहे. किरमिजी म्हणता येईल.

लेक म्हणाली, बाबा, जमेल का, खरं सांग. नाहीतर काकांना विचारते.

काका म्हणजे मावसभावाचा बाप, माझा साडू. टपूनच बसलाय. नवे हेडफोन घेतलेत म्हणे. हा माणूस पुस्तकाची प्रस्तावनासुद्धा पूर्ण वाचतो. लग्नाच्या पंगतीत शेवटचा उठतो. असल्या माणसाच्या हाती माझी लेक? म्हणजे टीम.

मी म्हणालो, काकाबिका कुणी नाही. मी आहे.

मग म्हणाली, बाबा, या वेळी नाही थांबलास ना, तर पुढे आपण नको खेळूया. उगाच वाईट वाटत राहतं.

संकल्प. याच्या पुढे काही लिहीत नाही. नुसता संकल्प.

२० मार्च, गुरुवार.

लाल रंग पुसायचा तर काही मॅचेस शेवटपर्यंत खेळायच्या. त्याही बाकीच्या पळपुट्यांबरोबर. (पळपुटे हा माझा शब्द. गेम त्यांना काहीतरी सौम्य म्हणतो.) त्यांची वेगळी कोठडी आहे. माझ्यासारख्याला चुकून तिथे टाकलंय.

काय ती माणसं! मॅच सुरू झाली तरी दहाही जण आपापल्या दारात उभे. कुणी पाऊल पुढे टाकेना. सगळ्यांचं बोट बाहेर पडायच्या बटणावर. एकाने लिहिलं, 'आधी तुम्ही.' दुसऱ्याने लिहिलं, 'छे छे, आधी तुम्ही.' एका बाणाचा आवाज झाला आणि समोरची पाचच्या पाच माणसं गायब.

आम्ही जिंकलो. मी शेवटपर्यंत थांबलो! माझंही बोट बटणावर होतं हे खरं, पण ते दाबायच्या आत संपलं.

२३ मार्च, रविवार.

काल आणि आज लेकीबरोबर खेळलो नाही. कोठडीत होतो. साडू खेळला त्यांच्याबरोबर. सरावासाठी, असं लेक म्हणाली. कसा खेळतो विचारलं. बरे खेळतात, आणि थांबतात, म्हणाली.

इकडे माझं जोरात चालू आहे. मी सोडायच्या आत दुसरे सोडतात, त्यामुळे एकेक मॅच पूर्ण होत चालली आहे. चिकाटी म्हणतात ती हीच.

२५ मार्च, मंगळवार.

लाल रंग गेला! पिवळा झाला. पिवळ्याला स्पर्धेत प्रवेश आहे. आपोआप झालं असं कुणी म्हणेल. तप म्हणतात याला.

गेममध्ये मोठा बदल झालाय, त्याची सूचना आली आहे. पानंच्या पानं. मधेच मॅच सोडणाऱ्यांबद्दल काहीतरी आहे. आता माझा काय संबंध? अर्ध्यावर बंद केली.

डॉक्टरीणबाईंकडून फोन आला होता. येतो म्हणालो.

२९ मार्च, शनिवार.

लेकीने अटी घातल्या. माइक बंद. चॅटवर एक अक्षर नाही. येतो नाही, आलोच नाही, काही नाही. बाबा, तू नुसता माझ्या शेजारी उभा राहा. एवढंच.

एवढंच! मी काय काय डावपेच आखून ठेवले होते. ठीक आहे. उभा राहतो. उभं राहण्यात काय आहे? खांबही राहतो.

मागून तिच्या आईचा आवाज आला. उद्या तीही बघणार आहे म्हणे. दाढ दुखायची थांबली. शुभ चिन्ह.

३० मार्च, रविवार. संध्याकाळी, मॅचनंतर लगेच.

पहिला बुरूज पडला. थांबलो. हे नमूद करतो. थांबलो.

दुसरा डगमगला. लेक माझ्या शेजारी होती. समोरून सगळे आले. आता हरणार, तिच्या आईच्या डोळ्यांदेखत हरणार, आणि हरताना मी तिथे असणार. मला हरायची भीती नाही. हरल्यानंतर लगेच जी शांतता असते ना, सगळे काहीच बोलत नाहीत, ती मला सहन होत नाही. कधीच झालेली नाही.

बाहेर पडलो. फोन पलंगावर उपडा टाकला आणि खाली दुकानात अंडी आणायला गेलो. अंडी संपलीच होती.

तीच तारीख, थोड्या वेळाने.

परत आलो तर फोन वाजत होता. उचलायचा धीर होईना. उचलला.

लेक हसत होती. नाही, रडत हसत होती. बाबा! बाबा! एवढंच किती वेळ. हरलो आपण, म्हणाली, पण अगदी थोडक्यात. शेवटी तिघं मेले आणि आपण दोघंच उरलो, आणि तू माझ्यासमोर ढाल धरून उभा राहिलास. हललाच नाहीस. माझ्यावरचे सगळे घाव तू घेतलेस. मला वाटलं होतं, तू जाशील. सॉरी बाबा, मला खरंच वाटलं होतं.

मला काही समजेना. फोन कानाला धरूनच लॅपटॉपवर ती परवाची सूचना उघडली. पहिल्यांदाच शेवटपर्यंत वाचली. यापुढे कुणी मॅच सोडली, तर त्याच्या जागी त्याच्याच नावाने कॉम्प्युटर खेळेल. बाहेर पडल्याची पाटी दिसणार नाही. कुणाला कळणार नाही.

मागून तिच्या आईचा आवाज आला, या वेळी स्पष्ट. थांबला की गं आज, असं म्हणाली. मग स्वतः फोनवर आली. वर्षात पहिल्यांदा. पुढच्या रविवारी जेवायला ये हवं तर, म्हणाली. तिघं बसून बोलू.

हो म्हणालो. दुसरं काय म्हणणार? सांगायला तोंड उघडलं होतं. सेनापती माझं नाव, ढाल माझी, तेव्हा थांबलो तो एका अर्थी मीच, असं मनात जुळवूनही पाहिलं. एरवी जुळलं असतं. आज जुळेना. कधी नव्हे ती दोघी एकदम माझ्यावर खूश होत्या आणि मला फार लाज वाटत होती.

लेकीने परत फोन घेतला. बाबा, शेवटी आपण दोघंच होतो तेव्हा तुला काय वाटत होतं रे, विचारलं. काही नाही गं, म्हणालो. ते खरं होतं.

मग म्हणाली, पुढच्या वेळीसुद्धा अगदी अस्साच खेळ हं.

हो म्हणालो. कसा खेळलो होतो, ते तिलाच विचारावं लागणार आहे.