शेपटीचा जाड तुकडा

प्रिय डॅफ्नी,

लहानपणी मिशनच्या धुणीघरामागे आपण दोघी वाळलेल्या चादरींच्या घड्या घालायचो, आठवतं? एक टोक तुझ्याकडे, एक माझ्याकडे; चालत जवळ यायचो आणि मधोमध कपाळं आपटायची. तब्येत कशी आहे? गुडघा बरा असेल. (रंगमंचावर तरी चांगलाच बरा दिसला.)

परवा इथल्या सभागृहात तुझा प्रयोग झाला, छानच झाला. तू पुस्तकं लिहितेस, नाटकं करतेस, आपल्या माणसांनी वेळेवर तपासून घ्यावं म्हणून गावोगाव फिरतेस, हे मला आपला क्लिफ्टन सांगतो, मग दुकानातली बाई सांगते, मग फादर प्रवचनात सांगतात. ऐकून घ्यायची मला सवय झाली आहे. पण प्रयोगात तू 'मी' म्हणून सांगितलीस ती, चादरीखाली लपून मिशनच्या सिस्टर पर्पेतुआला भूत होऊन घाबरवणारी मुलगी तू नव्हतीस, मी होते. तू बाजूला उभी राहून रडत होतीस. म्हणून मी पहिल्या रांगेतून ओरडले, "खोटारडे, ती मी होते." लोकांना वाटलं, मीही नाटकातलीच. टाळ्या पडल्या. तूही वाकून माझ्याकडे हात केलास. (इतका राग मला पन्नास वर्षांत आला नव्हता.)

मग अंगणात गरम राखेत भाजलेला कांगारू बाहेर काढला. आपल्या घरात शेपटीचा जाड तुकडा थोरल्या बहिणीचा, आणि आपल्यात मावसबहीणही सख्खीच, तेव्हा मी तुझ्याहून अकरा दिवसांनी थोरली. तो क्लिफ्टनने, माझ्याच भाच्याने, तुझ्या ताटात वाढला. "थेल्मामावशी, डॅफ्नीमावशी पाहुणी आहे ना," म्हणे. तू लोकांबरोबर फोटो काढत होतीस, तेवढ्यात मी तो कागदात गुंडाळून पर्समध्ये टाकला. तू कुत्र्यांना शिव्या दिल्यास. कुत्र्यांची मी माफी मागितली आहे.

दुसऱ्या दिवशी क्लिफ्टन म्हणाला, तुझं ऐकून दवाखान्यात बायकांची रांग लागली आहे. मी नुसती खरं-खोटं बघायला गेले. (पर्स तीच, रिकामी करायला विसरले होते.) रांग खरंच होती, दारापर्यंत. नर्सबाईला वाटलं, मीही रांगेतलीच. मी नाही म्हणेपर्यंत तिने दंडाला रक्तदाबाचा पट्टा आवळला. पर्सला शेपटीचा वास येत होता, तिने ती हळूच खुर्चीखाली सरकवली, तीही आपल्यातलीच.

बाकी सगळं ठीक.

तुझी थोरली बहीण,
थेल्मा

ता. क. नर्सबाईला माझ्या डाव्या स्तनात गाठ लागली. अठरा तारखेला विमानाने शहरातल्या इस्पितळात जायचं आहे. 'सोबत कोण' या रकान्यात मी तुझं नाव लिहिलं. तुला विचारलं नाही. तूही चादरीचं मला विचारलं नव्हतंस.

आणखी एक. सांगून ठेवलेलं बरं. जपमाळ क्लिफ्टनच्या मुलीला द्यायची. शिवणयंत्र नर्सबाईला, तिच्या गणवेशाची बाही उसवली आहे. चादरीची गोष्ट तुला. 'मी' म्हणूनच सांग. शेपटी फ्रीझरमध्ये आहे, मटारांच्या पिशवीखाली. जाड बाजू माझी, बारीक टोक तुझं. आलीस तर उलट.