भाषणाला मटारचा वास

मंगळवार, संध्याकाळ

कसबा पेठेत मिळालेला हा कागद लिहिताना मनात असेल ते धरून ठेवतो. नंतर अक्षरांवर बोट फिरवलं की तेच परत देतो. म्हणून उद्याच्या सभेचं भाषण त्यावरच लिहिलं. आमचं वाचनालय पाडायला निघालेल्यांवर आग ओकली. आता बोट फिरवतो, तर रागाचा पत्ताच नाही! नुसता मटारचा वास. लिहिताना सुमन शेजारी मटार सोलत बसली होती, दरवेळीसारखी.

तिनंही बोट फिरवलं आणि हसली. "अहो, सभेत भांडायला जाताय की मला मागणी घालायला?"

पुन्हा लिहू? एकट्यानं, दार लावून? पण ही मला भेटली ती त्याच वाचनालयात. मग मी भांडतोय तरी कशासाठी?

हाच कागद नेतो. मटारसकट.