काकवीतल्या सॉसेजचा कुकर कुणाला जावा

मी, बसवेश बसाप्पा पट्टणशेट्टी, वय बावीस, राहणार शाहूपुरी, कोल्हापूर, असे लिहून ठेवतो की माझे डोके ठिकाणावर आहे, डावा पाय तेवढा नाही. नडगीचे दोन तुकडे झाले आहेत आणि उद्या सोमवारी सकाळी त्यात सळी घालणार आहेत. आज दुपारी ज्या कागदावर माझी सही घेतली त्यात भूल दिल्यावर जीवही जाऊ शकतो असं एक वाक्य आहे. डॉक्टर म्हणाले, "ते सगळ्यांच्यातच असतंय, वाचायचं नसतंय." मी वाचलं. म्हणून कुणाच्या दबावाखाली न येता, सलाइनखेरीज अंगात काही नसताना, हे माझं पहिलं आणि शेवटचं मृत्युपत्र करत आहे. वकील लावलेला नाही. लॉ कॉलेजची अडीच वर्षं मी काढली आहेत, एवढं मला येतं.

कलम १. मला आमच्या लिंगायत रीतीप्रमाणे बसवून माती द्यावी. मातीला कुणीही यावं. सम्राट पोवार यालाही मी अडवत नाही, पण त्यानं मागं उभं राहावं आणि अंबिका इंगवले हिच्या शेजारी उभं राहू नये. तिला रडू आलं तर रुमाल देणारी दुसरी माणसं पुष्कळ आहेत.

कलम २. मोटरसायकल अप्पांना. हँडल वाकलं आहे, बाकी ठीक आहे. गाडीची यात काही चूक नाही.

कलम ३. अप्पा, तुमच्या गुळाच्या दुकानातले काकवीचे डबे वर्षभर कमी होत होते. तुम्ही हमालांवर संशय घेतला, मग उंदरांवर घेतला आणि पिंजरा लावला. ते डबे मी नेले. कशासाठी नेले ते पुढच्या कलमात आहे. ते अव्वाला, म्हणजे आईला, वाचून दाखवू नये.

कलम ४. माझा स्लो कुकर.

हा माझ्या थोरल्या बहिणीनं, सौंदर्याअक्कानं, अमेरिकेहून येताना अव्वासाठी आणला. अव्वानं त्यात एकदा आमटी लावली. तीन तासांनी म्हणाली, "तवर माणसं उपाशी मरतील की." कुकर माळ्यावर गेला. तो मी खाली काढला. तिकडची वीज वेगळी असल्यामुळे त्याला एक ट्रान्सफॉर्मर लागतो, जो कुकरपेक्षा जड आहे. कुकर ज्याला जाईल त्यानं तो ट्रान्सफॉर्मर न लावता भिंतीतल्या प्लगला जोडू नये, नाहीतर आतलं सगळं जळून जाईल.

आमच्या घरात अंडंसुद्धा शिजत नाही. म्हणून कुकर ठेवला अंबिकाच्या गाळ्यात. अंबिका लॉ कॉलेजात माझ्या वर्गात होती, अजून आहे, आणि शिकता शिकता वाढदिवसांना फुग्यांची सजावट करून देते. तिनंच विचारलं की पार्टीला सोपं, गरम राहणारं, हातात घेऊन उभ्यानं खाता येईल असं काही करशील का. मी करायला लागलो. कृती अशी आहे आणि ती आजवर मी कुणाला दिलेली नाही:

चिकनच्या छोट्या सॉसेजची दोन पाकिटं. एक वाटी काकवी, एक वाटी टोमॅटो सॉस, दोन चमचे कांदा-लसूण चटणी, एक चमचा व्हिनेगर. सगळं एकदम कुकरात घालायचं, एकदा ढवळायचं, झाकण लावायचं. कमी आचेचं बटण. तीन तास. मधे झाकण उघडायचं नाही. उघडलं की आतली वाफ जाते आणि अर्धा तास वाढतो. तीन तासांनी काकवी दाट होऊन सॉसेजला चकाकी येते. मग बटण नुसतं गरम ठेवण्यावर करून तो कुकर तसाच टेबलावर, शेजारी टूथपिकची डबी. बस. यात मला एकच गोष्ट अवघड गेली, तीन तास गप बसणं. माझा स्वभाव सगळ्यांना माहीत आहे.

आता जे कुणालाच माहीत नाही ते लिहितो. मी आजवर एकही सॉसेज तोंडात घातलेलं नाही. राजारामपुरीपासून कसबा बावड्यापर्यंत लोकांनी बोटं चाटली, पण मला त्याची चव माहीत नाही. चव अंबिका घ्यायची. फुगा फुगवायचा पंप बाजूला ठेवून यायची, टूथपिकनं एक उचलायची, फुंकर घालायची आणि डोळे मिटून चावायची. मग सांगायची. "मीठ बरं हाय. काकवी जरा जास्त झालीया." पुढच्या वेळी, "तिखट मागनं येतंय, आधी यायला पायजे." मी वहीत लिहून घ्यायचो. वर्षभरात तिनं मला एकदाही "जमलंय" म्हटलं नाही. मला त्याचं काही वाटत नव्हतं. ते डोळे मिटणं माझं होतं, मला तेवढं पुरत होतं.

कलम ५. सम्राट पोवार.

याच्याशी माझं पहिल्यापासून पटलेलं नाही. तिसऱ्या वर्षी कॉलेजात खोटा खटला चालवायची स्पर्धा होती, तो माझ्या विरुद्ध बाजूला होता. त्याचं बोलणं संपल्यावर अंबिकानं टाळ्या वाजवल्या. माझी पाळी आल्यावर मी बोलणं अर्ध्यात सोडलं. मी फाइल टेबलावर टाकली, बाहेर आलो आणि परत त्या कॉलेजात गेलो नाही. घरी मी सांगितलं की शिक्षणात राम नाही. खरं कारण टाळ्या.

त्यानंतर या माणसानं काय करावं? तवा घेतला. पार्टीत लोकांसमोर तव्यावर सॉसेज परततो, उलथनी वाजवतो, दोन मिनिटांत प्लेट हातात. मी तीन तास घालवतो तिथं हा दोन मिनिटं. परवा शुक्रवारी संध्याकाळी नागाळा पार्कातल्या एका बारशाला त्याचं टेबल माझ्या टेबलाला लावून होतं. त्यानं तव्यावरून एक सॉसेज उचललं आणि अंबिकाला दिलं. तिनं फुंकर घातली. डोळे मिटले. आणि म्हणाली, "जमलंय."

मी झाकण उघडून बसलो होतो. ते तसंच टाकून गाडीला किक मारली. रंकाळ्याच्या बाजूला गतिरोधक आहे हे मला माहीत आहे, मी लहानपणापासून तिथून जातो. त्या दिवशी तो दिसला नाही.

सम्राटला या मृत्युपत्रातून काहीही मिळू नये. टूथपिकची डबीसुद्धा नाही.

कलम ६. कुकर, ट्रान्सफॉर्मर, वही आणि वरची कृती मी अंबिका दत्ताजी इंगवले हिला देतो. अट एकच. तिनं यापुढे सम्राटच्या हातचं चाखू नये. पोट भरायला खाल्लं तर चालेल, पण डोळे मिटून नाही. अट मोडली तर कुकर रंकाळ्यात टाकावा.

ही अट घालायचा मला काय अधिकार, असं कुणी विचारेल. माझं तिच्यावर प्रेम आहे. ते तिला मी सांगितलेलं नाही, कारण ती प्रत्येक गोष्टीत काय कमी आहे ते सांगते आणि यात काय कमी आहे ते मला ऐकायचं नव्हतं.

कलम ७. वरच्या कलमांतून जे काही कुणालाच जाणार नाही ते सगळं माझी आई रत्नव्वा हिला जावं. बँकेतलं, कपड्यांचं कपाट, सगळं.

कलम ८. साक्षीदारांच्या कायद्याचा तास मी बुडवला होता, म्हणून या मृत्युपत्रापुरता नियम मीच घालतो. जो साक्षीदार म्हणून सही करेल त्याला यातलं काहीही मिळणार नाही, कलमात नाव असलं तरी. पहिला साक्षीदार म्हणून मी सम्राट पोवार याला बोलावलं आहे, म्हणजे तो प्रश्नच मिटला.

सही करतेवेळचा वृत्तांत. हाही मृत्युपत्राचा भाग समजावा.

दुपारी चार वाजता सम्राट आला. शहाळं घेऊन आला. त्याच्यामागून अंबिका आली. दोघं एकाच गाडीवरून आली का ते मी विचारलं नाही. सम्राटनं न वाचता सही केली आणि म्हणाला, "मर्दा, पायाला झालंय तुझ्या, मृत्युपत्र कसलं लिहितोस?"

दुसरा साक्षीदार म्हणून शेजारच्या खाटेवरचे बाळासो तयार होते. मी कागद पुढं केला. ते म्हणाले, "पावणं, उजवा हात प्लास्टरात हाय की. डाव्यानं केली तर माझी मलाच पटायची न्हाय."

"दे इकडं," अंबिका म्हणाली.

"तू नको. तुला चालत नाही."

"का चालत न्हाय? मी वाचल्याशिवाय सही करत न्हाय, तेवढं थांब."

तिनं कागद ओढून घेतले आणि खिडकीपाशी उभी राहून सगळे वाचले. पाय वजनाला टांगलेला असल्यामुळे मला काही करता आलं नाही. सम्राटनं विचारलं, "काय लिहिलंय?"

"तुझी बदनामी," ती म्हणाली. "आणि माझी."

पान उलटलं. बाळासो खाटेवर उठून बसले होते. सहावं कलम तिनं दोनदा वाचलं. मग माझ्याकडे न बघता म्हणाली, "सम्राटच्यात सांगण्यासारखं काय नव्हतं, म्हणून जमलंय म्हटलो."

"आयला," सम्राट म्हणाला.

"तू शहाळं फोडून आण जा."

तो गेला. तिनं कागद माझ्या छातीवर ठेवले आणि पेन मागितलं. मी म्हणालो, "आठवं कलम वाचलंस ना? सही केलीस तर कुकर जातो तुझा."

"वाचलं. अटबी जाते की त्याच्याबरोबर."

"म्हणजे त्याच्या हातचं खाणार तू."

"माझं तोंड हाय, बसू. कुणाचं खायचं ते मी बघतो. कुकरला बांधून घ्यायला मी काय फुगा हाय?" तिनं पेनचं टोपण काढलं. "मी सही केल्यावर कुकर कुणाला जातोय?"

मी सातवं कलम दाखवलं.

"काकूंना?" ती पहिल्यांदा हसली. "चिकन शिजवलेला कुकर काकूंच्या देवघराशेजारी? आणि आत शुक्रवारचा रस्सा अजून चिकटलाय, घासला न्हाय मी."

तिनं सही केली, सावकाश, पूर्ण नावाची. "तुझ्या सहाव्या कलमात काय कमी हाय ते उद्या सांगतो," ती म्हणाली. "तवर गप शुद्धीवर यायचं."

यातलं एकही कलम मी बदललेलं नाही. सम्राट शहाळं घेऊन परत येतो आहे, दोन स्ट्रॉ घालून. एक स्ट्रॉ मी काढून टाकणार आहे.

हे सगळं मी स्वतःच्या हातानं लिहिलं, साक्षीदारांच्या डोळ्यांसमोर त्यावर सही केली आणि त्यांनी माझ्यासमोर केली.

ठिकाण: अस्थिरोग वॉर्ड, खाट क्रमांक ११, कोल्हापूर
दिनांक: १४ डिसेंबर २०२५

लिहून देणार: बसवेश बसाप्पा पट्टणशेट्टी (सही)

साक्षीदार:
१. सम्राट आनंदराव पोवार (सही, न वाचता)
२. अंबिका दत्ताजी इंगवले (सही, वाचून)