उरलेल्या अठरा तऱ्हा

प्रिय माई,

काल विहारात तुझी शोकसभा झाली. तुझी वर्गमैत्रीण नलिनी देवळीहून एसटीनं आली होती. उभी राहून म्हणाली, "सुमन आणि आम्ही तिघी एकाच माठाचं पाणी प्यायलो." बायांनी डोळे पुसले. मी मात्र तिच्याकडे बघत राहिले. ही विसरली, की विसरल्यासारखं करतेय? सकाळपासून तेच डोक्यात आहे, म्हणून तुलाच लिहायला बसले.

एकाच माठाचं, हे खरंच आहे गं! पण कोणामागून कोण?

तू अकरावी मॅट्रिकला होतीस, मी आठवीत. तुमच्या वर्गात मुली चारच. गणिताचा तास संपला की सर चौघींना पाण्याला सोडायचे आणि ओळ लावायची नलिनी, कारण ती मॉनिटर. पुढच्या तिघी रोज जागा बदलायच्या. तू रोज शेवटी. आपण बौद्धपुऱ्यातल्या, म्हणून का? तसं कोणी म्हणालं नव्हतं. कोणी म्हणत नाही, हीच तर गोम!

मग सरांनी निवड आणि मांडणी यांतला फरक शिकवला. चौघींतून चौघी निवडायच्या तर एकच रीत. त्याच चौघी ओळीत उभ्या करायच्या तर चोवीस. तू उठलीस म्हणे.

"सर, मी शेवटी असली तर तऱ्हा सहाच होतात. त्याच सहा चालू आहेत. बाकीच्या अठरा कुठं गेल्या?"

"योगायोग असेल, सुमन."

"एखाद्या दिवशी योगायोग, सर. रोज काऊन?"

दुसऱ्या दिवशी ओळ सरांनी स्वतः लावली. तू पहिली! मी आमच्या वर्गाच्या खिडकीतून बघत होते. तू पाणी प्यालीस, पेला ठेवलास. मागून नलिनी म्हणाली, "मले तहान नाई." तिच्यामागची खाली बघत राहिली. चौथी, कुंदा, तेवढी पुढे आली आणि गटागटा प्याली.

मी घरी उड्या मारत सांगितलं. आणि तू?

"कुंदा सरच्या धाकानं प्याली, का मनानं?"

आई वैतागली. "पोरी, कोणावर भरोसा ठेवशीन का नाई कधी?"

"ठेवीन. आधी पाहून घेतो."

माई, तुझं हे पाहून घेणं किती जाचायचं मला! माझ्या नवऱ्याला वर्षभर पारखलंस. शेवटच्या आजारात डॉक्टरांच्या गोळ्याही उलटसुलट करून बघायचीस आणि उशीखाली सारायचीस. तिथं तरी विश्वास ठेवायचा होतास ना गं?

काल सभा संपल्यावर नलिनीला गाठलं. "ताई, पाणी शेवटी कोण प्यायचं?"

तिचा चेहरा उतरला. "घरून सांगून ठेवलं होतं मले. लहान होतो मी."

मॅट्रिकची पोर लहान? मग माझा हात धरून म्हणाली, "रविवारी जेवाले येजो माया घरी." मनातून बोलली, की बाया ऐकत होत्या म्हणून? तू असतीस तर चेहरा वाचला असतास. मला नाही जमलं.

पण जाईन मी, वचन देते. तुझ्या लेकीला सोबत नेईन. आधी तिला यातलं काही सांगणार नाही. तिनं तिथं काय पाहिलं, ते परतताना तिच्याच तोंडून ऐकेन.

तुझी धाकटी,
शकू